यू-बीटी क्लुज-नापोका या बास्केटबॉल क्लबचा इतिहास लिहिताना: १९१९ की १९४७, आणि क्लब नेमका कोणता?

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. रुमानियातील क्लुज-नापोका शहराच्या यू-बीटी या व्यावसायिक बास्केटबॉल क्लबावर मराठीत नोंद लिहायची आहे. एका ठिकाणी स्थापनेचे वर्ष १९१९ दिसते, दुसऱ्या ठिकाणी १९४७. नावे पाहावी तर कुठे युनिव्हर्सितातेया, कुठे श्तिइंत्सा, कुठे यू मोबिटेल्को आणि आता यू-बीटी. विजेतेपदांची यादी १९९२, १९९३, १९९६ अशी जाते, मग थेट २०११, मग २०१७, आणि २०२१ पासून सलग. हा सगळा एकच क्लब आहे का, मधली पोकळी कशी समजावायची, आणि गेओर्गे मुरेशान या प्रसिद्ध खेळाडूला किती जागा द्यायची, हे आपण विचारले आहे.

युरोपीय क्लबांच्या इतिहासाच्या नोंदी मराठीत लिहिणे आणि इतरांच्या नोंदी तपासणे हे काम मी बऱ्याच वर्षांपासून करतो आहे, आणि पूर्व युरोपातल्या जवळजवळ प्रत्येक क्लबाबाबत हाच गुंता समोर येतो. माझ्या मते आपली खरी अडचण सनावळीची नाही. ‘क्लब’ म्हटल्यावर आपण एक नाव, एक मालक आणि एक मैदान असे काहीतरी गृहीत धरतो, आणि रुमानियात हे गृहीतकच टिकत नाही. तिथल्या क्लबाचा इतिहास समजून घ्यायचा असेल तर प्रत्येक टप्प्यावर एकच गोष्ट विचारावी लागते: या काळात क्लबाचा आश्रयदाता कोण होता? खेळाडूंचे पोट कोण भरत होते, सभागृह कोणाचे होते, आणि तो आश्रय केव्हा व का सुटला? हे कळले की नावे, वर्षे आणि विजेतेपदांमधल्या पोकळ्या आपोआप जागेवर बसतात.

उत्तर काही अंशी आपण कोणासाठी लिहीत आहात यावरही अवलंबून आहे. केवळ बास्केटबॉल विभागाची नोंद करायची असेल तर १९४७ पासून सुरुवात करणे योग्य. क्लुजच्या विद्यापीठीय क्रीडापरंपरेचा भाग म्हणून लिहायचे असेल तर १९१९ शिवाय गत्यंतर नाही. मी स्वतः अशा नोंदीत माहितीच्या चौकटीत १९४७ लिहितो आणि पहिल्या परिच्छेदात मातृसंस्थेचे १९१९ हे वर्ष कारणासह देतो. दोन्ही वर्षे खरी आहेत, मात्र ती दोन वेगळ्या गोष्टींची आहेत, आणि वाचकाला हे सुरुवातीलाच कळले पाहिजे.

आता १९१९ का, ते पाहू. पहिल्या महायुद्धापर्यंत ट्रान्सिल्व्हेनिया हा ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्यातील हंगेरियन राज्याचा भाग होता आणि क्लुजचे विद्यापीठही हंगेरियन होते. १ डिसेंबर १९१८ रोजी ट्रान्सिल्व्हेनियाचे रुमानियाशी एकीकरण जाहीर झाले आणि १९१९ मध्ये त्याच शहरात रुमानियन विद्यापीठ सुरू झाले. त्याच वर्षी विद्यार्थ्यांची क्रीडासंस्था स्थापन झाली. वैद्यकशास्त्राचे प्राध्यापक युलिउ हात्सिएगानू हे तिचे पहिले अध्यक्ष. पुढे विद्यापीठाचे कुलगुरूपद भूषवलेल्या या माणसाने विद्यार्थ्यांसाठी एक मोठे क्रीडा उद्यान उभे केले, आणि ते आजही त्यांच्या नावाने ओळखले जाते. इकडे जुन्या हंगेरियन विद्यापीठाने आपला मुक्काम हंगेरीतील सेगेदला हलवला आणि त्याचा क्रीडाक्लबही सोबत गेला. म्हणजे या शहरात विद्यापीठाचा क्लब हा पहिल्यापासून केवळ खेळाचा विषय नव्हता. शहर कोणाचे, या प्रश्नाशी तो जोडलेला होता. नोंदीत हा संदर्भ दोन-तीन वाक्यांत तरी यावा, कारण ‘यू’ (म्हणजे युनिव्हर्सितातेया, विद्यापीठ) या एका अक्षरावर क्लुजकर इतका जीव का लावतात हे त्याशिवाय कळत नाही. क्लबाच्या प्रायोजकांची नावे बदलत गेली, पण पुढचे ‘यू’ कोणी काढले नाही.

त्यानंतरचा टप्पा १९४० चा. ३० ऑगस्ट १९४० रोजीच्या दुसऱ्या व्हिएन्ना निवाड्याने उत्तर ट्रान्सिल्व्हेनिया हंगेरीकडे गेला आणि क्लुज त्यातच होते. रुमानियन विद्यापीठ सिबिउ शहरात गेले, काही विभाग तिमिशोआराला गेले, आणि विद्यार्थ्यांचा क्लबही सिबिउला गेला. म्हणूनच त्या काळातील फुटबॉलच्या नोंदींत ‘क्लुज-सिबिउ’ असे जोडनाव आढळते. १९४२ च्या रुमानियन चषकाच्या अंतिम सामन्यात हाच विस्थापित संघ बुखारेस्टच्या रापिडकडून हरला. १९४५ मध्ये विद्यापीठ क्लुजला परतले. बास्केटबॉल विभागाचे १९४७ हे वर्ष या परतीनंतरचे आहे, हे लक्षात घेतले की दोन स्थापनावर्षांतील अंतर कोड्यासारखे वाटत नाही. घर सोडून गेलेली आणि परत आलेली संस्था आपले विभाग नव्याने मांडत होती, त्या काळातील ही घटना आहे.

इथून नावांचा गुंता सुरू होतो आणि या भागावर मी थोडा अधिक वेळ घालवतो, कारण नोंदींमधल्या चुका बहुतेक इथेच होतात. १९४७ हेच वर्ष बुखारेस्टच्या स्तेआवा क्लबाचेही आहे. ७ जून १९४७ रोजी सैन्याचा क्लब म्हणून त्याची स्थापना झाली, आणि पुढच्या वर्षी, १९४८ मध्ये, अंतर्गत व्यवहार मंत्रालयाच्या छत्राखाली दिनामो उभा राहिला. ३० डिसेंबर १९४७ रोजी राजा मिहाय याने राज्यत्याग केला, साम्यवादी राजवट पक्की झाली आणि क्रीडाव्यवस्था सोव्हिएत नमुन्यावर बांधली गेली. त्या व्यवस्थेत क्लब गावाचा किंवा हौशी मंडळींचा राहिला नाही, तर खात्याचा झाला. सैन्याचा क्लब वेगळा, अंतर्गत मंत्रालयाचा वेगळा, रेल्वेचा वेगळा, सहकारी संस्थांचा वेगळा, आणि विद्यार्थ्यांचा वेगळा. विद्यार्थ्यांच्या क्लबांना अनेक शहरांत ‘श्तिइंत्सा’ हे नाव मिळाले. त्यामुळे १९५० च्या आणि १९६० च्या दशकांतील ‘श्तिइंत्सा क्लुज’ हा वेगळा संघ समजू नये. तो याच विद्यापीठाचा. १९६० च्या दशकाच्या उत्तरार्धात जुने ‘युनिव्हर्सितातेया’ हे नाव परत आले. शहराचे नावही मध्येच बदलले आहे. १९७४ मध्ये क्लुजचे क्लुज-नापोका झाले, तेव्हा त्याआधीच्या काळाबद्दल लिहिताना नुसते ‘क्लुज’ लिहिणे अधिक नेमके.

मराठी वाचकाला ही व्यवस्था समजावणे फारसे अवघड नाही. आपल्याकडे कबड्डीच्या स्पर्धांत व्यावसायिक गटात मध्य रेल्वे, भारत पेट्रोलियम, एअर इंडिया, महिंद्रा असे संघ उतरतात आणि स्थानिक गटात गल्लीतली, तालमीतली मंडळे. चांगला चढाईपटू मंडळातून वर येतो आणि नोकरीच्या निमित्ताने आस्थापनेच्या संघात जातो. रुमानियात चार दशके हेच चालले, फक्त आस्थापना म्हणजे सैन्य आणि अंतर्गत मंत्रालय. इतर क्लबांजवळ नसलेले एक साधन सैन्याच्या क्लबाजवळ होते: सक्तीची लष्करी सेवा. उंच, तरणाबांड खेळाडू सेवेच्या वयात आला की तो सैन्याच्या संघात दिसू लागे. विद्यापीठाच्या क्लबाची गत याच्या उलट होती. चार-पाच वर्षे शिकून खेळाडू पदवी घेई आणि नोकरीच्या गावी निघून जाई. त्यामुळे दिनामो आणि स्तेआवा यांच्या नावावर प्रत्येकी वीसच्या घरात विजेतेपदे जमली आणि क्लुजच्या नावावर साम्यवादी काळातले एकही नाही, याचे नवल वाटण्याचे कारण नाही. ही गोष्ट नोंदीत स्पष्ट लिहावी. अन्यथा वाचक असे समजेल की १९४७ ते १९९२ या काळात क्लुजमध्ये बास्केटबॉल नव्हताच. तो होता, आणि चांगला होता. शहरातील जुन्या क्रीडागृहाला होरिया देमियान यांचे नाव आहे. ते याच क्लबाचे आणि राष्ट्रीय संघाचे खेळाडू. ज्या शहरात क्रीडागृहाला बास्केटबॉलपटूचे नाव दिले जाते, तिथे त्या खेळाची मुळे खोल आहेत हे उघड आहे.

डिसेंबर १९८९ मध्ये साम्यवादी हुकूमशहा चाउशेस्कूची राजवट कोसळली आणि तिच्यासोबत खात्यांच्या क्लबांची मक्तेदारीही ढिली झाली. सैन्य आणि मंत्रालय यांचे क्लब बंद पडले नाहीत, परंतु खेळाडूला जागेवर धरून ठेवण्याची त्यांची ताकद ओसरली. याच फटीतून १९९२ चे विजेतेपद आले. क्लुजचे ते पहिले राष्ट्रीय विजेतेपद, आणि त्या संघात गेओर्गे मुरेशान होता.

मुरेशानला किती जागा द्यावी, हा आपला प्रश्न रास्त आहे. १४ फेब्रुवारी १९७१ रोजी क्लुज जिल्ह्यातील त्रितेनी दे जोस या खेड्यात त्याचा जन्म झाला. आईवडील सर्वसाधारण उंचीचे. पीयूषिका ग्रंथीच्या विकारामुळे त्याची वाढ थांबली नाही आणि तो २.३१ मीटर उंचीपर्यंत पोहोचला. एनबीएच्या इतिहासातील सर्वांत उंच खेळाडूंमध्ये त्याचे आणि सुदानच्या मानुते बोल याचे नाव एकत्र घेतले जाते. क्लुजच्या संघातून तो १९९२ मध्ये फ्रान्सच्या पो-ओर्तेझ क्लबात गेला आणि १९९३ मध्ये वॉशिंग्टन बुलेट्सने त्याला खेळाडू निवडीत तिसाव्या क्रमांकावर घेतले. १९९५-९६ च्या हंगामात त्याने सरासरी १४.५ गुण आणि ९.६ रिबाउंड (हुकलेल्या फेकीनंतर ताब्यात घेतलेले चेंडू) मिळवले, मैदानी फेकींच्या अचूकतेत तो संपूर्ण लीगमध्ये अव्वल राहिला आणि ‘सर्वाधिक प्रगती करणारा खेळाडू’ हा पुरस्कार त्याला मिळाला. हे आकडे मी मुद्दाम देतो आहे. मुरेशानबद्दल लिहिताना बरेच जण केवळ उंचीवर थांबतात आणि त्याच्या खेळाचे वर्णन करीतच नाहीत. इतक्या उंचीच्या माणसाला धावणे, वळणे, उडी मारणे या प्रत्येक गोष्टीचे मोल सांध्यांना आणि पाठीला मोजावे लागते. अशा शरीरानिशी बास्केटजवळ जागा धरून शांतपणे, अचूक फेकी करीत राहणे हे कसब आहे, निसर्गाची देणगी नव्हे. पुढे दुखापतींनी त्याची कारकीर्द लवकर आटोपली आणि २००० नंतर तो एनबीएत दिसला नाही.

तरीही क्लबाच्या नोंदीत मी त्याला एका परिच्छेदापेक्षा अधिक जागा देणार नाही. तो निघून गेल्यानंतर १९९३ मध्ये क्लुजने विजेतेपद राखले आणि १९९६ मध्ये पुन्हा जिंकले. संघ एका माणसावर उभा नव्हता, याचा याहून सरळ पुरावा नाही. मुरेशानवर स्वतंत्र नोंद होऊ शकते आणि व्हावी. क्लबाच्या नोंदीत मात्र १९९३ आणि १९९६ ही वर्षे त्याच्या सावलीत हरवू देऊ नयेत.

आता १९९६ ते २०११ ही पंधरा वर्षांची पोकळी. येथे क्लुजकडे पाहून उत्तर सापडत नाही, प्लोयेश्तकडे पाहावे लागते. बुखारेस्टच्या उत्तरेला असलेले हे तेलशुद्धीकरणाचे शहर. तिथल्या विद्यापीठीय नाव धारण करणाऱ्या क्लबामागे असेसॉफ्ट ही माहिती-तंत्रज्ञान कंपनी उभी राहिली आणि २००४ ते २०१० अशी सलग सात विजेतेपदे त्या संघाने जिंकली. एवढेच नव्हे, तर २००५ मध्ये रशियाच्या लोकोमोटिव्ह रोस्तोव्हला हरवून त्याने फिबा या आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या युरोपीय स्पर्धांपैकी खालच्या स्तरावरचा चषकही मिळवला. रुमानियाच्या पुरुष संघांच्या दृष्टीने ही फार मोठी गोष्ट होती. खात्याचा आश्रय गेला आणि त्या जागी खासगी कंपनीचा आश्रय आला, हा बदल या सात वर्षांत ठळकपणे दिसतो.

२०११ मध्ये ही साखळी तोडली ती क्लुजनेच. त्या हंगामात क्लबाचे नाव प्रायोजकावरून ‘यू मोबिटेल्को’ असे होते, म्हणून काही याद्यांत तो वेगळा क्लब मानून विजेतेपद वेगळे मोजलेले आढळते. ते चूक आहे. प्रायोजकाचे नाव ही त्या काळापुरती पाटी होती, संस्था तीच होती. मात्र २०१२ पासून पुन्हा असेसॉफ्टने सलग चार वर्षे विजेतेपद मिळवले. एकूण अकरा विजेतेपदे झाली, आणि २०१५ मध्ये, विजेतेपद हातात असताना, तो संघ लीगमधून बाहेर पडला व विसर्जित झाला. पैसा पुरवणारा मालक बाजूला झाला आणि मागे दुसरे कोणीच नव्हते. विद्यापीठाचे नाव होते, शहर होते, प्रेक्षक होते, पण भार उचलणारा दुसरा खांदा नव्हता. बारा वर्षांत अकरा वेळा विजेता ठरलेला संघ एका उन्हाळ्यात नाहीसा होतो, ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते, आणि क्लुजचा पुढचा इतिहास मी नेहमी हीच गोष्ट समोर ठेवून वाचतो.

इथपर्यंतचा आढावा घेऊन पुढे जाऊ. १९१९ हे विद्यापीठीय क्रीडासंस्थेचे वर्ष, १९४७ हे बास्केटबॉल विभागाचे. श्तिइंत्सा, युनिव्हर्सितातेया, यू मोबिटेल्को आणि यू-बीटी हे एकाच परंपरेचे वेगवेगळ्या काळातील संघ. साम्यवादी काळातील विजेतेपदांचा अभाव हा खात्यांच्या क्लबांच्या वर्चस्वामुळे, आणि २००४ ते २०१५ या काळातील जवळजवळ संपूर्ण अनुपस्थिती प्लोयेश्तच्या वर्चस्वामुळे. त्याआधीच्या काही वर्षांत, १९९६ नंतर, विजेतेपद इतरांकडे गेले आणि क्लुजला जम बसवता आला नाही, एवढे एका वाक्यात सांगितले तरी पुरे.

२०११ नंतरचा क्लुजचा आश्रय वेगळ्या प्रकारचा आहे. नावातील ‘बीटी’ म्हणजे बांका ट्रान्सिल्वानिया. ही बँक १९९० च्या दशकात क्लुजमध्येच सुरू झाली आणि वाढत वाढत देशातील सर्वांत मोठी बँक झाली. तिचे मुख्यालय आजही क्लुजमध्ये आहे. दुसरा आधार शहराच्या पालिकेचा. ऑक्टोबर २०१४ मध्ये सोमेश नदीच्या काठी, क्लुज अरेना या फुटबॉल मैदानाला लागून, एक मोठे बहुउद्देशीय क्रीडागृह उघडले. बास्केटबॉलसाठी त्यात सुमारे दहा हजार प्रेक्षक बसू शकतात. २०१८ मध्ये त्यालाही बँकेचे नाव मिळाले आणि ते बीटी अरेना झाले. होरिया देमियान यांच्या नावाचे जुने क्रीडागृह जवळच आहे. मोठा संघ या नव्या सभागृहात आला, ही घटना माझ्या दृष्टीने एखाद्या विजेतेपदाइतकीच महत्त्वाची आहे. जुन्या सभागृहात युरोपीय स्पर्धेचा मोठा सामना भरवायचा म्हटले तर जागाच अपुरी पडली असती. नव्या सभागृहामुळे क्लबाला तिकिटांचे उत्पन्न, दूरचित्रवाणीला साजेसे मैदान आणि परदेशी खेळाडूंना दाखवता येईल असे घर, या तिन्ही गोष्टी एकदम मिळाल्या.

त्या सभागृहामुळेच २०१७ च्या युरोबास्केट या राष्ट्रीय संघांच्या युरोपीय स्पर्धेचा एक गट क्लुजला आला. हेलसिंकी, तेल अवीव आणि इस्तंबूल यांच्याबरोबर क्लुज-नापोका हे यजमान शहर होते, आणि स्पेन, क्रोएशिया, माँटेनेग्रो, हंगेरी, चेक प्रजासत्ताक व यजमान रुमानिया असा गट तिथे खेळला. रुमानियाचा राष्ट्रीय संघ १९८७ नंतर, म्हणजे तब्बल तीस वर्षांनी, या स्पर्धेत उतरत होता. पाचही सामने तो हरला. हा निकाल क्लबाच्या नोंदीत टाळू नये, कारण त्यातून क्लब आणि देश यांमधले अंतर दिसते. क्लबाकडे सभागृह, पैसा आणि परदेशी खेळाडू असतात, राष्ट्रीय संघाला मात्र देशात तयार झालेल्या मुलांवरच भागवावे लागते, आणि व्यावसायिक लीगमध्ये परदेशी खेळाडूंची गर्दी वाढली की त्या मुलांना मैदानावर मिनिटे कमी मिळतात. हा प्रश्न केवळ क्लुजचा नाही, तरी क्लुजचा संघ देशातील सर्वांत सधन संघांपैकी एक असल्याने तो तिथे अधिक स्पष्टपणे विचारावा लागतो.

त्याच २०१७ मध्ये क्लुजने सहा वर्षांनी विजेतेपद मिळवले. पुढची दोन वर्षे, आणि त्याआधीचे २०१६ हेही, ओरादेआ या सीमावर्ती शहराच्या पालिका क्लबाची होती. पालिकेचा क्लब हा असेसॉफ्टनंतरच्या काळातील सर्वसाधारण नमुना आहे. रुमानियन क्लबांच्या नावांत ‘सीएसएम’ किंवा ‘एससीएम’ ही अक्षरे दिसली की त्यामागे नगरपालिका आहे असे समजावे, ‘सीएसयू’ दिसले की विद्यापीठ, आणि ‘सीएसए’ दिसले की सैन्य. एक उदाहरण देतो, ते आपल्याला इतर नोंदी तपासतानाही उपयोगी पडेल. गेल्या दशकाच्या मध्यास बुखारेस्टचा एक संघ ‘स्तेआवा सीएसएम एग्झिमबँक’ या नावाने खेळत होता. ‘स्तेआवा’ म्हणजे सैन्याचा क्लब, ‘सीएसएम’ म्हणजे राजधानीची पालिका, आणि ‘एग्झिमबँक’ म्हणजे प्रायोजक बँक. तीन आश्रयदाते एकाच नावात ओळीने उभे आहेत. १९५० च्या दशकात एकट्या सैन्याला जे झेपत होते, ते आता तिघांनी मिळून उचलावे लागत होते.

२०१९-२० चा हंगाम महासाथीमुळे अर्ध्यावर थांबला आणि त्या वर्षी कोणालाही विजेता ठरवले नाही. ही रिकामी ओळ आपल्या यादीत तशीच ठेवा. काही जण आदल्या वर्षीच्या विजेत्याचे नाव तिथे पुन्हा लिहितात, ते बरोबर नाही. त्यानंतर २०२१, २०२२, २०२३ आणि २०२४ अशी सलग चार विजेतेपदे क्लुजने मिळवली. या संपूर्ण काळात प्रशिक्षक मिहाय सिल्वशान होते, आणि ते याच क्लबाचे माजी खेळाडू. परदेशी खेळाडू दर उन्हाळ्यात बदलतात. कोण कुठून आले हे प्रेक्षकांना पाठ होते न होते तोच नवा हंगाम उजाडतो. अशा संघात शहराची, क्लबाची आणि खेळण्याच्या पद्धतीची आठवण धरून ठेवणारा माणूस बाकावर असणे फार मोलाचे असते. सिल्वशान यांच्यावर दोन-चार वाक्ये अवश्य लिहा.

युरोपीय स्पर्धांबाबत एक सावधगिरी बाळगा. युरोपातील क्लब स्पर्धांचे दोन प्रतिस्पर्धी आयोजक आहेत: एकीकडे आंतरराष्ट्रीय महासंघ फिबा, दुसरीकडे युरोलीग ही कंपनी. फिबाने २०१६ मध्ये बास्केटबॉल चॅम्पियन्स लीग सुरू केली, तर युरोलीगच्या खालोखाल त्याच कंपनीची युरोकप स्पर्धा आहे. क्लुजचा संघ २०२१-२२ मध्ये चॅम्पियन्स लीगमध्ये खेळला आणि २०२२-२३ पासून युरोकपमध्ये गेला. अडचण अशी की ‘युरोकप’ या किंवा त्याच्याशी मिळत्याजुळत्या नावांनी फिबाच्याही स्पर्धा वेगवेगळ्या काळात भरल्या आहेत. त्यामुळे असेसॉफ्टचे २००५ चे यश आणि क्लुजचा २०२२ नंतरचा सहभाग एकाच स्पर्धेतला समजून दोघांची तुलना केलेली अनेकदा वाचायला मिळते. ती तुलना लागू होत नाही. असेसॉफ्टने खालच्या स्तरावरचा चषक प्रत्यक्ष जिंकला, क्लुज त्याहून बऱ्याच वरच्या स्तरावर दरवर्षी खेळतो आहे. कोणते यश मोठे, हे ज्याने त्याने ठरवावे. माझे मत विचाराल तर प्रत्येक हंगामात त्या पातळीवर टिकून राहणे अधिक कठीण आहे, कारण त्यासाठी सातत्याने पैसा, सभागृह आणि प्रवासाची व्यवस्था लागते.

आणखी दोन किरकोळ गोष्टी. क्लुजच्या ‘यू’चा फुटबॉल संघ हा सर्वस्वी वेगळा कारभार असलेला संघ आहे. १९६५ चा रुमानियन चषक त्याने श्तिइंत्सा क्लुज या नावाने जिंकला. तो बास्केटबॉलच्या यादीत येता कामा नये, आणि मी तो आलेला पाहिला आहे. काळा-पांढरा रंग आणि ‘यू’ ही निशाणी दोघांची सामाईक आहे, करंडकांचे कपाट सामाईक नाही. तसेच सीएफआर क्लुज हा रेल्वेच्या परंपरेतून आलेला फुटबॉल क्लब आहे. त्याचा या कथेशी संबंध नाही.

शेवटी, असेसॉफ्टला क्लुजच्या नोंदीत किती जागा द्यावी, हे आपण विचारले नाही, पण विचारायला हवे होते. माझा सल्ला असा की त्या क्लबावर स्वतंत्र नोंद करा आणि ती २०१५ ला संपवा. प्लोयेश्तमध्ये नंतर जे संघ उभे राहिले त्यांच्या नावावर ती अकरा विजेतेपदे चढवू नका. क्लुजच्या नोंदीत त्याचा उल्लेख २००४ ते २०१५ या परिच्छेदात येईल तेवढाच पुरे. आपण पहिला मसुदा तयार केल्यावर येथेच टाका. विजेतेपदांची वर्षे, नावांचे कालखंड आणि युरोपीय स्पर्धांची नावे या तीन गोष्टी मी ओळीने तपासून देईन.